भांडण मिटलं, प्रश्नाचं काय?

करावरून वाद लागला. सरकार म्हणतं, भरा. समोरचा म्हणतो, नियमच अन्यायाचा आहे. खटला वरच्या कोर्टात पोचतो आणि निकालाआधीच समोरचा सगळे पैसे भरून मोकळा होतो. आता न्यायाधीशांनी काय करावं? मूळ प्रश्नाचं उत्तर द्यावं, की फाइल बंद करावी?

अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयासमोर 1893 मध्ये असाच खटला होता. कॅलिफोर्नियाच्या 1879 च्या राज्यघटनेनुसार सामान्य माणसाची मालमत्ता गहाण असली, तर कर आकारताना गहाणाची रक्कम वजा व्हायची. रेल्वे कंपन्यांना ही सवलत नव्हती. सान पाब्लो अँड टुलारे रेल्वे कंपनीचं म्हणणं, ही कसली समानता? खालच्या कोर्टात कंपनी जिंकली, म्हणून राज्य वर गेलं. मधल्या काळात कंपनीने थकबाकी देऊ केली आणि रक्कम राज्याच्या नावाने बँकेत ठेवली. तिथल्या कायद्याप्रमाणे तेवढ्याने देणं संपलं. न्यायमूर्ती होरेस ग्रे यांनी लिहिलं त्याचा आशय असा : वादच उरला नाही, तर न्यायालयाला उत्तर देण्याचा अधिकार नाही, दोन्ही बाजूंनी मिळून मागितलं तरी नाही. खटला फेटाळला गेला.

मला हा संयम पटतो. समोर खरं भांडण नसताना न्यायाधीश मत देऊ लागले, तर ते कायदे करणारेच होतील. आपल्याकडे कलम 143 खाली राष्ट्रपती सर्वोच्च न्यायालयाचा सल्ला मागू शकतात. पण ती खास वाट आहे, रोजचा रस्ता नव्हे.

तरीही एक गोष्ट खुपते. पैसे भरून खटला संपवणं कोणाला परवडतं? ज्याच्याकडे पैसे आहेत त्याला. म्हणजे कोर्टाने कशाचं उत्तर द्यायचं नाही, हेही काही प्रमाणात तोच ठरवतो. त्याच नियमाखाली भरडला जाणारा छोटा करदाता मात्र होता तिथेच राहतो.

भारतात वेगळ्या कारणाने असंच घडतं. 2024 मध्ये प्राप्तिकर खात्याच्या अपिलांची मर्यादा वाढली. काही अपवाद सोडले, तर 5 कोटींपर्यंतच्या करासाठी खातं आता सर्वोच्च न्यायालयात जात नाही. प्रलंबित अपिलंही मागे घेतली जातात. करदात्याची सुटका होते, कोर्टांचं ओझं हलकं होतं. हे चांगलंच आहे. पण अशा आदेशांत बहुतेकदा एक ओळ असते : कायद्याचा प्रश्न खुला ठेवला आहे.

ती ओळ मला प्रामाणिक वाटते. कोर्ट कबूल करतं, की भांडण मिटलं, प्रश्न नाही. म्हणून खटला निकाली निघाल्यावर ‘सरकार बरोबर होतं’ किंवा ‘कंपनी बरोबर होती’ असं म्हणणं खोटं आहे. आणि नियम अन्यायाचा असेल, तर पुढच्या खटल्याची वाट पाहत बसायचं कारण नाही. तो बदलण्याचं काम विधिमंडळाचं आणि संसदेचं आहे. तिथे बोट दाखवायला आपल्याला वकील लागत नाही.