इश्माएलाची भाकर

तमिळनाडूतील कुंभकोणम् मराठी वाचकाला अगदीच परके नाही. तंजावरच्या भोसल्यांच्या राज्यातील ते एक प्रमुख नगर. जवळच्या तिरुविडैमरुदूर येथे राजे अमरसिंह १७९८ साली पदच्युत झाल्यावर निवृत्तिवेतनावर राहिले. ते राजे प्रतापसिंहांचे पुत्र; परंतु त्यांची माता विधिवत विवाहाची राणी नव्हती, असा आक्षेप घेतला जाई. राजपुत्राला निदान निवृत्तिवेतन मिळाले. पण आज त्याच कुंभकोणमात, किंवा आपल्या सोलापुरात, अविवाहित मातेच्या पोटी जन्मलेल्या बालकाच्या वाट्याला काय येते?

कायद्याचे उत्तर स्पष्ट आहे. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ ने औरस व अनौरस, दोन्ही अपत्यांच्या पोषणाचा भार ऐपत असलेल्या पित्यावर टाकला. तिच्या जागी १ जुलै २०२४ पासून आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ मध्येही तेच तत्त्व कायम आहे. पूर्वी असलेली दरमहा पाचशे रुपयांची मर्यादा २००१ साली उठली. हा कायदा धर्म पाहत नाही. १९८८ साली एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्त्रीचा पत्नी म्हणून दावा नाकारला, कारण विवाहच अवैध होता. परंतु मुलाची पोटगी कायम ठेवली. आईचा हक्क एक, लेकराचा हक्क दुसरा.

येथे आपण ख्रिस्ती लोकांनी थोडे अंतर्मुख व्हावे. हिंदू पित्यावर १९५६ च्या दत्तक व पोषण कायद्यानेही अनौरस अपत्याचा भार घातलेला आहे. आपल्या व्यक्तिगत कायद्यात तसे कलम नाही. उलट, वारसा कायद्यातील नाते म्हणजे विधिवत विवाहातून आलेले नाते, असा अर्थ मुंबई उच्च न्यायालयाने १९०६ साली लावला. म्हणजे जे आपण आपल्या घरातून दिले नाही, ते देशाच्या सर्वसामान्य कायद्याने दिले.

कोणी म्हणेल, “विवाह पवित्र आहे. अशा मुलांना हक्क दिले तर पापाला उत्तेजन नाही का मिळणार?” वाचकहो, हा प्रश्न प्रामाणिक आहे, तो झिडकारू नये. परंतु पाप कोणाचे आणि उपास कोणाला, हेही विचारले पाहिजे. बापाच्या अपराधाचा भार पुत्राने वाहू नये, हे यहेज्केलाने अठराव्या अध्यायात स्पष्ट सांगितले आहे. खरे तर जबाबदारी टाळता येते, हाच विश्वास पुरुषाला स्वैर करतो. जो पिता दरमहा आपल्या लेकराच्या दुधाचे व शाळेचे पैसे मोजतो, त्याला आपल्या कृत्याचे गांभीर्य प्रवचनाविनाही कळते.

दुसरी पळवाट अधिक सभ्य दिसते. मंडळीतील चार प्रतिष्ठित माणसे बसतात, मुलीच्या हाती एक रक्कम ठेवतात, कागदावर तिची सही घेतात आणि प्रकरण मिटले असे मानतात. परंतु जे लेकराचे आहे, ते सोडून देण्याचा अधिकार आईलाही नाही; मग पंचांना तो कोठून?

अब्राहामानेही हागारेला असेच वाटेला लावले: थोडी भाकर, पाण्याची एक मसक. तो विश्वासाचा पिता खरा. तरी पवित्र शास्त्र हे लपवीत नाही की बैर-शेब्याच्या रानात ते पाणी संपले. तेथे देवाने ऐकली ती मुलाची वाणी. इश्माएल या नावाचा अर्थच ‘देव ऐकतो’ असा आहे. आणि नव्या करारात योसेफ उभा आहे. जे बालक त्याचे नव्हते, त्याला त्याने नाव दिले, घर दिले, हातचा धंदा दिला. मग जे आपलेच आहे, त्याला नाकारणाऱ्याने त्याच्यासमोर कोणते तोंड न्यावे?

ख्रिस्तसभाही शिकत आली आहे. कॅथलिक सभेच्या १९१७ च्या धर्मविधिसंहितेत अनौरस जन्म हा याजकपदाच्या आड येणारा दोष होता. १९८३ च्या संहितेत तो उरला नाही.

म्हणून अशी माता आपल्या मंडळीत आली, तर तिला गप्प राहण्याचा सल्ला देऊ नका. तिच्यासोबत न्यायालयाची पायरी चढा. पिता आपल्याच बाकावर बसणारा असेल, तर त्याला प्रेमाने पण स्पष्ट सांगा. पोटगी ही भीक नव्हे, दंडही नव्हे. ती त्या बालकाचीच भाकर आहे, आणि ती त्याला रोज लागते.