पक्षाभास आणि दोषमुक्ती
केवळ संशयावरून एखाद्याला खटल्याला तोंड द्यायला लावणे न्याय्य आहे काय, हा प्रश्न धर्मशास्त्रालाही पडला होता. रत्नागिरी जिल्ह्यात १८८० साली जन्मलेले भारतरत्न पांडुरंग वामन काणे यांनी धर्मशास्त्राच्या आपल्या बृहद् इतिहासात ज्या व्यवहाराचे, म्हणजे न्यायदानाच्या पद्धतीचे, सविस्तर विवेचन केले, त्या व्यवहारात ‘पक्षाभास’ ही संज्ञा येते. वरकरणी फिर्यादीसारखी दिसणारी, पण दखल घेण्याजोगी नसलेली फिर्याद, असा तिचा अर्थ. याज्ञवल्क्यस्मृतीवरील मिताक्षरा टीकेतील उदाहरणे मोठी मासलेवाईक आहेत: कोणी आपले सशाचे शिंग नेल्याची तक्रार करतो, तर कोणी आपल्या दिव्याच्या उजेडात शेजारी स्वतःच्या घरी काम करतो, अशी. पहिल्या तक्रारीत वस्तूच नाही, दुसरीत इजा नाही. म्हणून उत्तर देण्याचा भारही कोणावर पडत नाही.

रत्नागिरीच्या सत्र न्यायालयात आज आरोपनिश्चितीपूर्वी दोषमुक्तीचा, म्हणजे खटला चालवण्याआधीच आरोपीला मोकळे करण्याचा, अर्ज येतो, तेव्हा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २५० नुसार न्यायाधीश पुराव्याची सत्यता न ठरवता, दाखल कागदपत्रांवरून खटला चालवण्यास पुरेसा आधार दिसतो काय, एवढेच पाहतात. पक्षाभासात फिर्याद आपल्याच शब्दांनी कोसळते; येथे मात्र, सर्वोच्च न्यायालयाच्या १९७८ च्या प्रफुल्लकुमार सामल निर्णयाप्रमाणे, साधा संशय आणि गंभीर संशय यांतील अंतर मोजावे लागते, आणि हे काम सशाच्या शिंगाइतके सोपे खासच नाही.