गाडी कुठे जुळते, कुठे घडते?

खंडेनवमीच्या सकाळी भोसरीची एमआयडीसी ओळखू येत नाही. एरवी प्रेसच्या ठोक्यांनी हादरणारे गाळे त्या दिवशी धुऊन-पुसून ठेवलेले असतात. लेथच्या चकला झेंडूची माळ, व्हीएमसीच्या काचेवर कुंकवाचे स्वस्तिक, आणि पाटावर पूजेला मांडलेली शस्त्रे कोणती, तर व्हर्नियर कॅलिपर, मायक्रोमीटर, गो-नोगो गेज. मालक, त्याच्या घरची मंडळी, ऑपरेटर, हेल्पर सगळे एकाच सतरंजीवर. आरती होते, नारळ फुटतो, पेढे वाटले जातात. दसरा पार पडला की ठोके पुन्हा सुरू.

यातल्या एकाही गाळ्यात मोटारगाडी बनत नाही. कुठे सीटखालचा ब्रॅकेट बनतो, कुठे बिजागरीची पिन, कुठे वायरिंग धरून ठेवणारी पट्टी. अगदी स्क्रूपर्यंत मोजायचे म्हटले तर एका गाडीत तीसेक हजार सुटे भाग भरतात. गाडीच्या नाकावर नाव एकाच कंपनीचे असते. ती गाडी मात्र शेकडो पत्र्याच्या शेडमधून थोडी थोडी बनून येते.

सरकार जेव्हा एखाद्या मोटार कंपनीशी करार करते, तेव्हा बातमीत दोन आकडे असतात: इतके हजार कोटी, इतके हजार रोजगार. व्यासपीठावर फायलींची देवाणघेवाण होते, फोटो निघतो. तो कारखाना त्या मुलखाला पुढच्या चाळीस वर्षांत काय देणार, याचा पत्ता त्या दोन आकड्यांतून लागत नाही. त्यासाठी वेगळा प्रश्न विचारावा लागतो. ही गाडी इथे नुसती जुळणार आहे, की घडणार आहे?

महाराष्ट्राने हा फरक फार पूर्वी पाहिला आहे. जनरल मोटर्सने 1928 मध्ये मुंबईत शिवडीला कारखाना काढला. सुटे भाग खोक्यांत भरून बोटीने यायचे, शिवडीत जोडले जायचे आणि गाड्या बाजारात जायच्या. पाव शतक हे चालले. 1953 मध्ये टॅरिफ कमिशनने सांगितले की, ज्यांच्याकडे देशात भाग बनवण्याचा कार्यक्रम आहे त्यांनीच या धंद्यात राहावे. पुढच्याच वर्षी जनरल मोटर्सने शिवडीतला गाशा गुंडाळला. पंचवीस वर्षे गाड्या जोडणाऱ्या त्या कारखान्यामागे पुरवठादारांची साखळी राहिली नाही. जे खोक्यातून आले होते, ते खोक्याबरोबरच गेले.

वालचंद हिराचंदांनी 1944 मध्ये स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सची वाट वेगळी होती. सुरुवात परदेशी सहकार्यानेच झाली, पण कुर्ल्याच्या कारखान्याने हळूहळू भाग इथेच करून घ्यायला सुरुवात केली. प्रीमियरची पद्मिनी टॅक्सी मुंबईच्या रस्त्यांवर 2023 च्या ऑक्टोबरपर्यंत टिकली, तीही कारखाना बंद पडून वीसेक वर्षे झाल्यावर. टिकली, कारण तिचा कुठलाही भाग मुंबईतल्या कुठल्या ना कुठल्या गल्लीत मिळत होता किंवा बनवून घेता येत होता.

पुण्याच्या बाबतीत जमीन आधीच नांगरलेली होती. खडकीला दारूगोळ्याचा कारखाना 1869 पासून, अभियांत्रिकी महाविद्यालय त्याच्याही आधी, 1854 पासून. किर्लोस्कर ऑइल इंजिन्स 1946 मध्ये खडकीत आले. 1962 मध्ये एमआयडीसी स्थापन झाली. मुंबईत नव्या कारखान्यांना जागा उरली नव्हती, त्यामुळे उद्योग घाटावर यायला तयारच होते. बजाजने आकुर्डीत बस्तान बसवले. 1966 मध्ये टेल्को, म्हणजे आजची टाटा मोटर्स, पुण्यात आली. त्याच वर्षी मुंढव्यात भारत फोर्जचे उत्पादन सुरू झाले आणि वाहनांच्या चाचणी-संशोधनासाठी एआरएआय स्थापन झाली.

टेल्कोचे सुमंत मूळगावकर यांनी पुण्यात जो क्रम लावला, तो आजही अभ्यासण्याजोगा आहे. पुण्यातून ट्रक बाहेर पडू लागले ते 1977 मध्ये. त्याआधीची दहा-अकरा वर्षे गेली यंत्रे बनवणारी यंत्रे उभी करण्यात, टूलरूम आणि संशोधन केंद्र बांधण्यात, शिकाऊ मुलांना तयार करण्यात. ताळेबंद पाहणाऱ्याला ही चैन वाटली असती. पण डाय बनवायला शिकलेला माणूस कंपनीच्या दारातून बाहेर पडला तरी त्याचा हात त्याच्याबरोबर जातो. टेल्को आणि बजाजमध्ये शिकलेल्या कितीतरी जणांनी पुढे भोसरीत, चिंचवडला, तळवड्याला स्वतःचा गाळा घेतला, एक सेकंडहँड लेथ टाकला आणि जुन्याच साहेबाकडून जॉबवर्क आणले. 1998 च्या अखेरीस इंडिका बाजारात आली, तेव्हा तिची मुख्य यंत्रसामग्री ऑस्ट्रेलियातल्या निस्सानच्या बंद कारखान्यातून उचलून आणलेली होती. यंत्रे जहाजातून आणता आली. ती गाडी घडवणारी माणसे आणि तिचे भाग पुरवणारे कारखानदार बहुतेक इथलेच होते.

ही घडण जवळून पाहायची तर तळहाताएवढा एक ब्रॅकेट घ्यावा. पत्र्याची कॉइल येते, तिच्या पट्ट्या कापल्या जातात. पट्टी प्रेसखाली जाते. पहिल्या ठोक्याला भोके, दुसऱ्याला आकार, तिसऱ्याला वाक. कडेला राहिलेली बर काढायला एक माणूस कानस घेऊन बसलेला असतो. मग नट वेल्ड होतो. प्लेटिंग या गाळ्यात होत नाही; त्यासाठी माल दुसरीकडे जातो, परत येतो, गेजवर तपासला जातो, निळ्या प्लास्टिकच्या क्रेटमध्ये मोजून भरला जातो. छोटा हत्ती तो घेऊन चाकणला सीट बनवणाऱ्याकडे निघतो. तिथे सीट जुळते आणि ज्या रंगाची गाडी लाइनवर येणार त्याच क्रमाने कारखान्यात पोचते. तळेगाव-चाकण रस्त्यावर टेम्पो अडकला तर फोन सुरू होतात, कारण लाइन थांबली की डेबिट नोट शेवटी या गाळ्याच्या नावावर फाटते. ब्रॅकेटच्या भावाची घासाघीस मात्र पैशांत चालते, आणि दर वर्षी भाव थोडा कमी करून द्यावा अशी वरून अपेक्षा असते.

या सगळ्यात सर्वांत मोलाची वस्तू ब्रॅकेट नव्हे, तर त्याला आकार देणारी डाय. तिचा पंच आणि खालचा साचा यांमधले अंतर पत्र्याच्या जाडीवर ठरते. चुकले तर बर वाढते, भोक फाटते. ते अंतर बसवणारा फिटर तयार व्हायला वर्षे लागतात. हाच फिटर उद्या वॉशिंग मशीनची डाय करू शकतो, परवा पंपाची. एखाद्या प्रदेशाला मोटार उद्योगाने दिलेली ठेव कुठे शोधायची, तर ती या माणसाच्या बोटांत.

वाळूजचे उदाहरण याच अंगाने पाहावे. बजाजचा तिथला कारखाना 1985 मध्ये सुरू झाला. त्याच्या आसऱ्याने औरंगाबादेत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, सुटे भाग बनवणारे उद्योग वाढले. एन्ड्युरन्स आणि व्हॅरॉक ही त्यांतली दोन नावे. एन्ड्युरन्सचे कारखाने आज इटली आणि जर्मनीतही आहेत. दुष्काळी मराठवाड्यातला पुरवठादार युरोपला माल पुरवू लागला, ही गोष्ट नुसत्या जुळणीच्या कारखान्यातून घडली नसती.

तिजोरीत येणाऱ्या पैशांचा हिशेब मात्र जितका सरळ वाटतो तितका नाही. पिंपरी-चिंचवड नगरपालिका 1970 ची, महापालिका 1982 ची. आशियातली सर्वांत श्रीमंत महापालिका म्हणून तिचा गवगवा झाला, तो जकातीच्या जोरावर. हद्दीत शिरणाऱ्या मालाच्या ट्रकमागे शहराच्या तिजोरीत काही ना काही पडत होते. कारखाना जोरात चालला की रस्ते आणि उड्डाणपूल होत. 2013 मध्ये जकात गेली, मग स्थानिक संस्था कर (एलबीटी) आला, 2017 मध्ये जीएसटी. जीएसटी हा माल जिथे वापरला जातो तिथला कर. चाकणची गाडी लखनौला विकली गेली तर राज्याच्या वाट्याचा कर उत्तर प्रदेशाला मिळतो. जी गाडी महाराष्ट्रातच विकली जाते, तिच्यावरच्या राज्य कराचा काही भाग प्रोत्साहन योजनेखाली मोठ्या प्रकल्पांना ठरावीक मुदतीपर्यंत परत दिला जातो. महापालिकेला राज्याकडून भरपाई मिळते, पण कारखान्याच्या चढउताराशी तिच्या उत्पन्नाचा पूर्वीसारखा थेट संबंध उरलेला नाही.

मग प्रदेशाच्या हाती राहते काय? पगार, पुरवठादारांची बिले आणि कसब. म्हणूनच भाग बाहेरून आणून जोडणारा कारखाना आणि भाग इथे बनवून घेणारा कारखाना यांना सारख्याच सवलती देणे, हा व्यवहार राज्याला परवडणारा नाही.

चाकणला हे सारे एका पिढीच्या डोळ्यांदेखत घडले. फिरंगोजी नरसाळ्यांनी लढवलेला संग्रामदुर्ग आणि कांद्याची बाजारपेठ, एवढीच या गावाची ओळख होती. फोक्सवॅगनचा कारखाना 2009 मध्ये सुरू झाला, त्याच सुमारास मर्सिडीज-बेंझ आणि महिंद्र आले. कांद्याच्या वावरांत खोल्यांच्या रांगा उठल्या. ज्याची दहा एकर गेली, त्याने मोबदल्यातून खोल्या बांधल्या, टेम्पो घेतले, कामगार पुरवण्याचा ठेका मिळवला. ज्याची एक-दीड एकर गेली, त्याच्याकडे मोबदला फार दिवस टिकला नाही. खोल्यांत राहायला आली बीड, लातूर, नांदेड, जळगावची आणि उत्तर प्रदेश-बिहारची पोरे. आयटीआय केलेली, ट्रेनी किंवा कंत्राटी म्हणून लागलेली. एका खोलीत चौघे-पाच जण, शिफ्ट बदलली की गादीही बदलते. दिवाळीच्या आदल्या रात्री पिंपरीतल्या वल्लभनगरच्या एसटी स्थानकात मराठवाड्याच्या गाडीसाठी जी झुंबड उडते, तिच्यात हा अर्थव्यवहार सगळ्यात स्पष्ट दिसतो. पर्मनंट कामगाराच्या बोनसचा करार वर्तमानपत्रात येतो. कंत्राटी मुलाच्या हातात बऱ्याचदा मिठाईचा पुडाच असतो. देशाच्या संघटित कारखानदारीत आज दर पाच कामगारांपैकी सुमारे दोन कंत्राटी आहेत.

मंदी आली की ती वरून खाली येते, आणि खाली येता येता जड होत जाते. 2019 मध्ये गाड्यांची विक्री कोसळली तेव्हा पिंपरी-चिंचवडमध्ये 'ब्लॉक क्लोजर' हा शब्द घरोघरी पोचला. मोठ्या कंपनीने चार दिवस लाइन बंद ठेवली की पर्मनंट कामगाराची रजा कापली जाते, कंत्राटी मुलाला 'सांगतो नंतर' म्हणतात, आणि गाळेवाल्याचे शेड्यूल निम्म्यावर येते. त्याचे बँकेचे हप्ते थांबत नाहीत. लघुउद्योगांची बिले 45 दिवसांत द्यावीत असे 2006 चा कायदा सांगतो. तो पाळला जावा म्हणून शेवटी आयकर कायद्यातच तरतूद करावी लागली, यावरून काय ते समजावे. मंदीखेरीजही घाव बसतात: 2025 च्या फेब्रुवारीत पिंपरी-चिंचवडमधल्या कुदळवाडीतली हजारो बांधकामे पाडली गेली. त्यांत भंगाराची गोदामे होती, तशी लहान वर्कशॉपही. अनधिकृत होती हे खरे. पण वर्षानुवर्षे तिथल्या कामावर अवलंबून राहिलेल्या उद्योगनगरीने त्यांच्यासाठी वेळेत पर्यायी जागा आखली नाही, हेही तितकेच खरे.

जनरल मोटर्स महाराष्ट्रात दुसऱ्यांदा आली ती तळेगावला, 2008 मध्ये. 2017 अखेर तिने भारतातली विक्री थांबवली, निर्यातीसाठी 2020 पर्यंत कारखाना चालवला आणि मग दार लावले. हजारावर कामगारांची नोकरी गेली. प्रकरण न्यायालयात गेले. एका चिनी कंपनीला कारखाना विकण्याचा करार झाला होता, तो परवानग्यांअभावी 2022 मध्ये मोडला. 2023 मध्ये ह्युंदाईने तो घेण्याचा करार केला आणि 2025 मध्ये तिथून पुन्हा गाड्या निघू लागल्या. शिवडी आणि तळेगाव यांत फरक पडला तो इथेच. शिवडी सुटली तेव्हा मागे पोकळी राहिली. तळेगावच्या आजूबाजूला दहा कंपन्यांना माल देणारे पुरवठादार होते. एक गिऱ्हाईक गेले तरी ते तगले, आणि नव्या कंपनीला तयार साखळी मिळाली. मधली वर्षे बेकार बसलेल्या कामगाराला मात्र या साखळीचा आधार मिळाला नाही. प्रदेश सावरला म्हणजे त्यातला प्रत्येक माणूस सावरला असे होत नाही.

आता पुढची परीक्षा विजेवरच्या गाड्यांची. इंजिन, गिअरबॉक्स, सायलेन्सर, इंधनाची पंपव्यवस्था यांचे शेकडो भाग त्यांत लागतच नाहीत, आणि भोसरी-चाकणच्या कितीतरी गाळ्यांचे पोट याच भागांवर आहे. सर्वांत महाग भाग म्हणजे बॅटरी, आणि तिचे सेल बहुतांशी चीनमधून येतात. 2025 मध्ये चीनने मोटरसाठी लागणाऱ्या दुर्मीळ मूलद्रव्यांच्या चुंबकांच्या निर्यातीवर निर्बंध घातले, तेव्हा बजाजच्या विजेवरच्या चेतक स्कूटरच्या उत्पादनालाही फटका बसला. सेल बाहेरचे, चुंबके बाहेरची, नियंत्रण करणारी चिप बाहेरची आणि आपण फक्त खोका उघडून जोडायचे, असे झाले तर ते नव्या रंगातले शिवडीच ठरेल.

छत्रपती संभाजीनगरजवळच्या बिडकीनला टोयोटाच्या प्रकल्पासाठी 2024 मध्ये करार झाला आहे, आणि असे आणखीही होतील. त्या प्रत्येक करारात राज्याने आणखी तीन आकडे लिहून घ्यावेत आणि दर वर्षी ते विधिमंडळापुढे ठेवावेत: गाडीच्या किमतीतला किती हिस्सा राज्यातल्या पुरवठादारांकडून घेतला, त्यांची बिले सरासरी किती दिवसांत चुकती केली, आणि किती कंत्राटी कामगार कायम झाले. सवलतीचा पुढचा हप्ता हे तीन आकडे पाहून द्यावा.