खंडणीखोराचं भांडवल

माहिती अधिकाराने देशाला काय दिलं, तर ब्लॅकमेलर दिले, असा सिद्धान्त एका निवृत्त सनदी अधिकाऱ्यांनी परवा व्याख्यानमालेत मांडला. टाळ्याही पडल्या. बांधकाम परवानगीची नक्कल काढायची, बिल्डरला फोन करायचा, पाकीट आलं की अपील मागे घ्यायचं. हा धंदा चालतो, हे कबूलच आहे.

पण धंद्याला माल कोण पुरवतं? जे गावाला ठाऊक आहे त्याची खंडणी कुणी देत नाही. २००५च्या कायद्यातलं कलम ४ कार्यालयांना बजावतं की कुणी अर्ज करण्याची वाट न पाहता माहिती स्वतःहून जाहीर करा. ते मनापासून पाळलं असतं तर त्या नकलेला रद्दीचाच भाव आला असता. तिला किंमत येते ती दडवल्यामुळे.

इथे मला जर्मन समाजशास्त्रज्ञ माक्स वेबर आठवतो, आणि वक्तेमहाशयांनाही तो आठवायला हरकत नव्हती. वेबर नोकरशाहीचा वैरी नव्हे. तिची शिस्त, तिची कार्यक्षमता त्याने मन लावून वर्णिली. म्हणूनच त्याची साक्ष महत्त्वाची. कार्यालयीन गुपित हा नोकरशाहीचा खास स्वतःचा शोध, आणि ते ती जितक्या कडवेपणाने जपते तितकं दुसरं काहीच जपत नाही, असं तो म्हणतो. लष्कर, परराष्ट्र व्यवहार यांतल्या गुपितांची गरज त्यालाही पटते. पण गरज संपते तिथेही गुपित संपत नाही. अडाणी संसद नोकरशाहीला सोयीची असते, हे त्याचं निरीक्षण शंभर वर्षांनंतरही झोंबतं.

आपल्याकडे याचा ताजा दाखला माहिती अधिकार कायद्याचं कलम ८(१)(ञ). खासगी माहिती नाकारताना तिचा सार्वजनिक कामाशी संबंध आहे का, हे जुन्या कलमात पाहावं लागे. शिवाय जे संसदेला नाकारता येत नाही ते नागरिकालाही नाकारता येणार नाही, असं परंतुकही होतं. २०२३च्या डेटा संरक्षण कायद्याने हे सारं छाटलं. उरलं एवढंच: माहिती वैयक्तिक असली की नकार. कलम ८(२) मधला जनहिताचा अपवाद शाबूत आहे, असं सरकार सांगतं. आहे ना! फक्त जनहित जड की नुकसान, हे आधी तोलणार तेच कार्यालय.

म्हणजे गोपनीयता सगळीच वाईट? सत्येंद्र दुबे आठवला की मी इथे थबकतो. सुवर्ण चतुष्कोण महामार्गाच्या बिहारमधल्या कामातला भ्रष्टाचार या अभियंत्याने २००२ साली थेट पंतप्रधानांना कळवला आणि नाव गुप्त ठेवण्याची विनंती केली. पत्र नावासकट खात्याखात्यांतून फिरलं. २७ नोव्हेंबर २००३ रोजी गयेत त्याचा खून झाला. सीबीआयने तो लुटीतून झाल्याचं सांगितलं आणि तिघांना शिक्षाही झाली. लुटीचा निष्कर्ष मानला तरी पत्राचा प्रवास पुसला जात नाही. अख्ख्या प्रकरणात झाकून ठेवण्याजोगी गोष्ट एकच होती, ते नाव. आणि गुपितं जपण्यात मुरलेल्या यंत्रणेला नेमकं तेच जपता आलं नाही.

त्यामुळे गुपित हवं की नको, या वादात मला आता रस उरलेला नाही. कुणाचं गुपित, हे विचारा. कंत्राटदाराचं बिल आणि तक्रारदाराचं नाव एकाच कुलपात ठेवणाऱ्यांनी खासगीपणाचा कैवार घेऊ नये. जागल्यांच्या संरक्षणाचा कायदा २०१४ साली मंजूर झाला, राष्ट्रपतींची सहीही झाली. अंमलबजावणीची अधिसूचना मात्र अजून निघालेली नाही. वक्तेमहाशयांनी पुढचं पुष्प त्यावर गुंफावं. खंडणीखोरांसाठी फौजदारी कलमं आधीपासून आहेतच.