खुकरी एक की दोन

9 डिसेंबर 1971 च्या रात्री दीवपासून सुमारे 40 सागरी मैलांवर पाकिस्तानच्या ‘हंगोर’ पाणबुडीने ‘आयएनएस खुकरी’वर टॉर्पेडो सोडले. काही मिनिटांत जहाज बुडालं. 18 अधिकारी आणि 176 नौसैनिक त्याच्याबरोबर गेले. कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला यांनी आपलं लाइफ जॅकेट दुसऱ्याला दिलं आणि स्वतः जहाजावरच राहिले. मी तेव्हा करी रोडच्या चाळीत शाळकरी पोर होतो. ब्लॅकआउटसाठी खिडक्यांच्या काचांना काळा कागद चिकटवलेला, वडील मिलच्या रात्रपाळीला, आणि गॅलरीत एकाच रेडिओभोवती सगळा मजला जमलेला. बातमी सांगून झाली तरी कोणी उठलं नाही.

पुढे 1985 साली माझगाव डॉकमध्ये एका नव्या जहाजाची कील बसली. मी तिथे वेल्डर होतो. आमच्या लेखी जहाज म्हणजे आधी नुसता यार्ड नंबर. कामाच्या कागदावर नंबर, ड्रॉइंगवर नंबर, प्लेटवर खडूने नंबर. पुढच्या वर्षी ते पाण्यात उतरलं, 23 ऑगस्ट 1989 ला नौदलात दाखल झालं, आणि त्याचं नाव होतं खुकरी. तेव्हापासून एक प्रश्न माझ्या मागे लागला आहे. ही तीच खुकरी का? नसेल, तर बुडालेल्यांच्या जहाजाचं नाव हिला द्यायचा अधिकार आपल्याला कोणी दिला? आणि असेल, तर समुद्राच्या तळाशी पडलेल्या त्या लोखंडातून आम्ही जोडलेल्या या लोखंडात काय आलं, आणि कुठल्या वाटेने आलं?

प्रश्न पुस्तकी वाटेल, पण गोदीत काम करणाऱ्याला तो रोज भेटतो. जहाज रिफिटला आलं की आधी पत्र्याची जाडी मोजतात. पाण्याच्या रेषेजवळ गंज सगळ्यात जास्त धरतो. जाडी ठरलेल्या मर्यादेखाली गेली की तिथे खडूने चौकोन आखायचा. गॅस कटरवाला तेवढा तुकडा कापून काढतो, प्लेटर नवा पत्रा बसवून टॅक मारतो, मग आम्ही रूट रन घेऊन जोड भरत आणायचा. एक्स-रे पास झाला की वर रंग चढतो आणि काल इथे दुसरं लोखंड होतं हे कोणाला कळतही नाही. पंचवीस-तीस वर्षांत असं किती अंग पालटतं! जहाजावर चढणारा खलाशी मात्र त्याच जहाजावर चढत असतो. ग्रीकांत थीसियसच्या जहाजाची अशीच कथा आहे. अथेन्सकर त्याची कुजलेली फळी काढून नवी बसवत राहिले, आणि ते जहाज तेच की वेगळं यावर तत्त्वज्ञ भांडत राहिले, असं प्लुटार्कने लिहून ठेवलं आहे. आमचं हे भांडण लोकलमध्ये व्हायचं.

करी रोडला गाडी पकडायची, सँडहर्स्ट रोडला उतरून जिना चढून वरच्या फलाटावर हार्बरची गाडी धरायची, की पुढचंच स्टेशन डॉकयार्ड रोड. या वाटेवर माझ्यासोबत बीडीडी चाळीतले एक प्लेटर असत. वयाने मोठे, म्हणून मी त्यांना भाऊ म्हणायचो. मी भजनाला बसतो म्हणून ते मला बुवा म्हणत. मी ज्ञानेश्वरीच्या पारायणातून आलेला, ते बुद्धवंदनेतून.

माझं म्हणणं सरळ होतं. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात भगवंतांनी सांगितलं आहे की जुनं वस्त्र टाकून माणूस नवं नेसतो तसा देही जुना देह सोडून नवा घेतो. पत्रा हे वस्त्र. खुकरीने एक सोडलं, दुसरं घेतलं.

“बुवा, नेसणारा दाखवा,” भाऊ म्हणायचे. “पत्रे दिसतात, इंजिन दिसतं, खलाशी दिसतात. हे सगळं नेसून बसलेली खुकरी कुठाय?”

मग ते मिलिंद राजाची गोष्ट सांगत. भिक्खू नागसेनाने राजाला विचारलं, रथात बसून आलास ना, मग रथ म्हणजे काय? चाक? आस? दांडी? जू? प्रत्येक वेळी राजाला नाही म्हणावं लागलं. हे सगळं एकत्र आलं की त्याला रथ म्हणायची रीत आहे, एवढंच. त्याच ग्रंथात दिव्याचाही दाखला आहे. रात्रभर जळणाऱ्या दिव्याची पहिल्या प्रहरातली ज्योत आणि शेवटच्या प्रहरातली ज्योत एकच का? तीच नाही, आणि वेगळीही म्हणता येत नाही. एक दुसरीला जन्म देऊन जाते. भाऊंच्या घरी बाबासाहेबांचा ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ होता, आणि त्यातली आत्म्याशिवाय पुनर्जन्माची मांडणी त्यांना तोंडपाठ होती. मेल्यावर आत्मा कुठे जात नाही. पृथ्वी, आप, तेज, वायू ही तत्त्वं आपापल्या साठ्यात मिसळतात आणि पुन्हा जुळून येतात. परळच्या बीआयटी चाळीत दोन खोल्यांत राहून ज्या माणसाने आयुष्याची उमेदीची वर्षं काढली, त्याचा हा विचार आमच्या वस्तीतल्या कामगाराला परका वाटत नसे.

आमच्या दोघांच्याही बाजूने मुंबईची जहाजं साक्षीला आली. माझ्या बाजूने विक्रांत. हे जहाज इंग्लंडमध्ये ‘हर्क्युलस’ या नावाने 1945 साली पाण्यात उतरलं, महायुद्ध संपल्यामुळे अर्धवट पडून राहिलं, 1957 साली भारताने घेतलं आणि 4 मार्च 1961 ला ते विक्रांत झालं. 1971 साली बॉयलरला तडा गेलेला असताना त्याने बंगालच्या उपसागरातून चितगाव आणि कॉक्स बझारवर विमानं पाठवली. 1997 साली निवृत्त झालं, काही वर्षं मुंबईत संग्रहालय होऊन उभं राहिलं, आणि 2014 साली दारूखान्यात भंगारात निघालं. आमच्या घरापासून दारूखाना काही लांब नाही. तिथल्या गॅस कटरांचं काम मी जाऊन पाहिलं. जे कौशल्य मी आयुष्यभर जोडायला वापरलं त्याचं उलटं काम तिथे चाललं होतं. त्यातल्या काही लोखंडाच्या पुढे मोटरसायकली निघाल्या, काहीचं लायन गेटजवळ स्मारक झालं. आणि 2 सप्टेंबर 2022 ला कोचीला नवी विक्रांत दाखल झाली, तेच नाव आणि तोच आर-11 हा क्रमांक घेऊन. जुन्या अंगाचा एक पत्राही तिच्या सांगाड्यात नाही.

भाऊंच्या बाजूने त्रिंकोमाली. वाडिया घराण्याने मुंबईच्या गोदीत मलबारच्या सागवानातून बांधलेलं हे लढाऊ जहाज 1817 साली पाण्यात उतरलं. त्याचे पहिले नकाशे ज्या जहाजातून मुंबईला येत होते तेच वाटेत अमेरिकनांनी लढाईत नष्ट केलं, म्हणून नकाशे पुन्हा पाठवावे लागले. इंग्लंडात या जहाजाचं नाव पुसून ‘फुद्रोयां’ ठेवलं गेलं, विसाव्या शतकातला बहुतेक काळ ते त्याच नावाने पोरांना शिकवायला वापरलं, आणि 1992 साली त्याला जुनं नाव परत मिळालं. आज ते हार्टलपूलला तरंगत उभं आहे. इथे लाकूड टिकलं आणि नाव गेलं. तिथे नाव टिकलं आणि लोखंड गेलं. भाऊ विचारायचे, यातलं कोणतं जहाज जगलं, सांगा! विक्रांत भंगारात निघाली तेव्हा आम्ही दोघेही निवृत्त झालो होतो, तरी हा वाद थांबला नव्हता.

मला उत्तर मिळालं ते आमच्याच वस्तीत, आणि ते गीता किंवा नागसेन या दोघांनाही खोटं पाडत नाही. लालबागला 1934 सालापासून कोळी आणि व्यापारी मंडळींनी बसवलेला गणपती आहे. बाजाराला हक्काची जागा मिळावी म्हणून नवस बोलला होता, तो फेडण्यासाठी. दरवर्षी मूर्ती नवी घडते, प्राणप्रतिष्ठा होते, उत्तरपूजा होते आणि गिरगाव चौपाटीवर विसर्जन होतं. पुढच्या वर्षीच्या मूर्तीत गेल्या वर्षीचा कण नसतो. तरी गेल्या वर्षी बोललेला नवस माणूस या वर्षीच्या मूर्तीपुढे फेडतो. आपण दुसऱ्याच देवाचं देणं भलत्याला देतोय, असं त्या रांगेतल्या एकाही माणसाला वाटत नाही. सातत्य नेमकं इथे आहे. मूर्ती बदलली तरी देणं बदलत नाही, आणि देणं पुढे चालतं म्हणून देव तोच राहतो.

आपल्या परंपरेने माणूस जन्मतःच ऋणी मानला आहे: देवऋण, ऋषिऋण, पितृऋण. मला वाटतं जहाजही तसंच आहे. पाण्यात उतरताना त्याच्यापुढे नारळ फुटतो, दाखल होताना झेंडा चढतो, आणि नाव जुनं असेल तर त्या नावाचं सगळं खातं त्याच्या अंगावर येतं. दुसऱ्या खुकरीवर पाऊल ठेवणाऱ्या प्रत्येकावर 194 माणसांचं देणं होतं. मुल्ला जहाजावर का राहिले हे त्याला ठाऊक असायलाच हवं होतं, आणि तसा प्रसंग आला तर आपण काय करू हेही. पत्र्यातून काही आलं नाही, अंतराळातूनही काही उतरलं नाही. माणसांनी जाणूनबुजून उचललं, म्हणून आलं. हे मी भाऊंना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, “बुवा, याला आम्ही कम्म म्हणतो.” मी म्हटलं, म्हणा. त्या दिवशी आमचा वाद मिटला. 2021 च्या डिसेंबरात ती खुकरी निवृत्त झाली आणि पुढच्या वर्षी दीवच्या स्वाधीन केली गेली. पहिल्या खुकरीचं स्मारक आहे त्याच गावात. रंगाखाली कुठल्यातरी जोडाशेजारी माझा वेल्डर नंबर ठोकलेला असेल. मला त्याचा अभिमान आहे.

पण हा विचार धरला की एक जड गोष्ट समोर येते, आणि ती टाळून हा लेख संपवणं मला अप्रामाणिकपणाचं वाटतं. नाव घेतलं की देणं घ्यावं लागतं. आपण सगळी देणी घेतली का?

18 फेब्रुवारी 1946 ला कुलाब्याच्या ‘तलवार’ या नौदलाच्या ठाण्यावर नौसैनिकांनी अन्न आणि काम नाकारलं. सडकं जेवण, शिवीगाळ, गोऱ्यांहून कमी पगार. ‘तलवार’ला सांगाडा नव्हता, कील नव्हती; ते जमिनीवरचं प्रशिक्षण केंद्र, पण नौदल त्यालाही जहाजच मानत होतं. नुसत्या निष्ठेवर जहाज उभं राहतं याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही. संप 78 जहाजांवर पोचला, सुमारे 20,000 नौसैनिक त्यात उतरले, आणि डोलकाठ्यांवर काँग्रेसचा, लीगचा आणि लाल असे तिन्ही झेंडे एकत्र चढले. 22 तारखेला आमच्या गिरणगावाने त्यांच्यासाठी गिरण्या बंद केल्या. परळ, लालबाग, डिलाईल रोड इथे गोळ्या चालल्या. शहरात दोनशेच्या आसपास माणसं मेली. परळला कमल दोंदे गोळी लागून गेल्या. ज्यांनी समुद्र कधी जवळून पाहिला नसेल अशा गिरणी कामगारांनी नौदलाच्या पोरांसाठी छातीवर गोळ्या घेतल्या.

दुसऱ्या दिवशी, सरदार पटेलांच्या सल्ल्यावरून, नौसैनिकांनी शरणागती पत्करली. शेकडो जणांना बडतर्फ केलं गेलं. दीड वर्षात देश स्वतंत्र झाला. जहाजं वाटून घेतली, आणि 26 जानेवारी 1950 ला नौदलाच्या नावातलं ‘रॉयल’ गळलं. तीच जहाजं नव्या झेंड्याखाली आपली झाली. त्या पोरांना मात्र भारतानेही परत घेतलं नाही आणि पाकिस्ताननेही नाही. स्वातंत्र्यसैनिक म्हणून मान्यता मिळेपर्यंत कित्येकांची उमेद संपून गेली. तलवार हे नाव आपण पुढे फ्रिगेटींना दिलं. आजची ‘तलवार’ 2003 सालापासून नौदलात आहे. नाव घेतलं, देणं मागे ठेवलं. मी ज्या अर्थाने दुसऱ्या खुकरीला तीच खुकरी म्हणतो, त्या अर्थाने ही तलवार अजून तीच तलवार झालेली नाही, असं माझं मत आहे.

जुलै 2024 मध्ये विधिमंडळाने मुंबईतली काही स्टेशनं नव्या नावांनी ओळखावीत असा ठराव केला. माझ्या रोजच्या वाटेवरची तिन्ही त्यात आहेत: सँडहर्स्ट रोडचं डोंगरी, डॉकयार्ड रोडचं माझगाव आणि करी रोडचं लालबाग. मला या बदलाचं वाईट वाटत नाही. करी हे रेल्वेच्या एका इंग्रज अधिकाऱ्याचं नाव, लालबाग आमचं. पण लालबाग नाव लावताना लालबागचं देणंही फलाटावर लागू द्या. रेल्वेला, सरकारला आणि इथल्या मंडळांना माझी विनंती आहे: नव्या पाटीच्या शेजारी एक दगडी फलक बसवा. त्यावर 22 फेब्रुवारी 1946 ही तारीख कोरा, कमल दोंदे यांचं नाव कोरा, त्या दिवशी या वस्तीत गोळीला बळी पडलेल्यांची सापडतील तेवढी नावं कोरा, आणि नौदलाला कळवा की दरवर्षी त्या दिवशी ‘तलवार’वरच्या कोणीतरी येऊन तिथे हार घालावा.