तारण, नोटीस व न्यायबुद्धि

कर्ज थकलें आहे, घर तारण आहे, आणि बँकेची नोटीस हातीं आली आहे. गांवांतला कोणी जाणता सांगतो कीं, नोटिशींत चूक आहे, तेवढ्यावर लढतां येईल. पैसे देणें आहे हें तर घरधन्यास पक्कें ठाऊक आहे. अशा वेळीं त्यानें दाद मागावी काय? हा प्रश्न केवळ वकिलाचा नव्हे, विवेकाचाही आहे. म्हणून आज त्याचा थोडा विचार करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम कायदा काय म्हणतो तें पाहूं. २००२ सालच्या ‘सरफेसी’ कायद्यानें बँकेस दिवाणी दावा न लावितां तारण मालमत्ता ताब्यांत घेण्याचा अधिकार दिला. खातें थकीत ठरल्यावर तिनें ६० दिवसांची नोटीस द्यावी. ऋणकोनें हरकत लिहून पाठविल्यास १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावें. मुदत सरल्यावरच ताबा घ्यावा. त्याविरुद्ध ऋणकोस ४५ दिवसांत ऋण वसुली न्यायाधिकरणाकडे जातां येतें. तारण दिलेली शेतजमीन या कायद्याच्या बाहेर आहे. मात्र सहकारी बँकांसही तो लागू आहे, असें सर्वोच्च न्यायालयानें २०२० सालीं ठरविलें.

कोणी म्हणेल, घेतलेलें फेडावें. नोटिशीचा काथ्याकूट कशाला? आमचें उत्तर असें कीं, ऋणको झाला म्हणून मनुष्याचा बोलण्याचा हक्क जात नाहीं. १८७५ सालीं पुणें व अहमदनगर जिल्ह्यांतील शेतकऱ्यांनीं सावकारांचे रोखे हिसकावून जाळले, तें याच दुःखापायीं. कोर्ट रोख्यावरील आंकडा पाही. मुद्दल किती व व्याज किती, याची चौकशी क्वचितच होई. पुढें १८७९ च्या कायद्यानें न्यायाधीशास रोख्यामागील सारा हिशेब तपासण्यास सांगितलें. आमच्या काळींही तसेंच घडलें. नव्या कायद्यांत प्रथम अशी अट होती कीं, बँकेनें मागितलेल्या रकमेपैकीं शेंकडा ७५ भरल्यावांचून ऋणकोची तक्रार ऐकूं नये. ज्याजवळ हप्त्यास पैसा नाहीं, तो एवढी रक्कम कोठून आणणार? २००४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ती अट रद्द केली व बाकीचा कायदा कायम ठेविला. मोशेच्या नियमशास्त्रांतही धनकोनें गहाण घेण्यास ऋणकोच्या घरांत शिरूं नये, बाहेर उभें राहावें, अशी आज्ञा आहे. हक्क खरा असला तरी तो उंबरठ्याशीं थांबून मागावा, हें तिचें मर्म होय. नोटीस हा आजचा उंबरठाच आहे.

परंतु याची दुसरी बाजूही आहे. बँकेचा पैसा हा बहुतेक ठेवीदारांचा असतो. त्यांत एखाद्या विधवेची पुंजीही असेल. नोटिशींतील दोषामुळें ताबा रद्द झाला, तरी कर्ज रद्द होत नाहीं. बँक नवी नोटीस काढते, आणि मधल्या काळांत व्याज चढतें. लिलावांत देण्याहून अधिक आलें तर उरलेली रक्कम मालकास परत मिळते. कमी आलें तर बाकीही त्याच्याच शिरीं राहते. म्हणजे ज्या लढ्याचा हेतु केवळ दिवस काढणें, तो शेवटीं लढणाऱ्याचेंच घर खातो.

तर मग खरें कोणतें व खोटें कोणतें, हें ओळखावें कसें? आम्हांस एक साधी कसोटी सुचते. नोटिशींतील चूक उद्यां दुरुस्त झाली, तर मी काय करणार? हिशेब पाहून खरी बाकी मान्य करीन, हप्ते बांधून मागेन, किंवा आपणच योग्य भावानें विकून देणें फेडीन, असें ज्याचें मन सांगतें, त्यानें निःशंक न्यायाधिकरणाकडे जावें. पण साठ दिवस उगाच न दवडितां आधीं बँकेस लेखी हरकत धाडावी, व तींत किती मान्य आणि किती अमान्य तें प्रामाणिकपणें लिहावें. ज्याचें मन दुसरी चूक शोधण्यास धांवतें, त्यानें समजावें कीं, आपण न्याय मागत नाहीं, न्यायाच्या आड लपत आहों.

हीच कसोटी बँकेच्या अधिकाऱ्यानेंही स्वतःस लावावी. ऋणकोचा कागद वाचण्यापूर्वींच ज्यानें ताब्याचा दिवस ठरविला, त्यानें मुदत दिली खरी, पण ऐकून घेतलें नाहीं.