शाळेचीही परीक्षा घ्या

दहावीचा निकाल लागला की गावोगावी चौकांत फलक झळकतात. नव्वदच्या पुढे टक्के मिळवलेल्या मुलामुलींची छायाचित्रे, शुभेच्छुकांची नावे आणि शाळेची शंभर टक्के निकालाची परंपरा. त्या मुलांच्या कष्टांचे कौतुक व्हायलाच हवे. आक्षेप आहे तो या कौतुकातून आपण काढत असलेल्या निष्कर्षाला. काही मुले चमकली म्हणून शाळा उत्तम, राज्य पुढारलेले आणि देश ज्ञानसत्ता होण्याच्या वाटेवर, असे आपण मानून चालतो. हा समज चुकीचा आहे आणि त्याची किंमत ज्यांचे छायाचित्र कधीच फलकावर येणार नाही ती मुले मोजतात.

देशाची शिक्षणव्यवस्था जोखण्याच्या कसोट्या साध्या आहेत. मूल शाळेत आले का, ही पहिली. चौदा वर्षांपर्यंतच्या प्रत्येक मुलाला दहा वर्षांत मोफत व सक्तीचे शिक्षण देण्याचे उद्दिष्ट राज्यघटनेने घालून दिले होते. ते फार उशिरा, पण बहुतांशी साधले. ‘असर’ या शिक्षणविषयक सर्वेक्षणाच्या २०२४च्या अहवालानुसार ग्रामीण भारतातील सहा ते चौदा वयोगटातील ९८.१ टक्के मुलांची नावे शाळेच्या पटावर आहेत. हे मोठे यश आहे.

आलेले मूल शिकले का, ही दुसरी कसोटी. तोच अहवाल सांगतो की ग्रामीण भारतात पाचवीतल्या ४८.८ टक्के मुलांनाच दुसरीच्या पातळीचा मजकूर वाचता येतो. भागाकार येतो ३०.७ टक्के मुलांना. म्हणजे शाळेत पाच वर्षे काढलेल्या निम्म्याहून अधिक मुलांना तीन इयत्ता मागचा उतारा वाचता येत नाही.

हे आकडे एका स्वयंसेवी संस्थेचे आहेत, त्यांवर विश्वास का ठेवावा, असे कोणी विचारील. ही चाचणी २००५ पासून होते आहे आणि तिची रीत उघड आहे. घरी जायचे, मुलापुढे छोटा उतारा ठेवायचा, त्याला वाचू द्यायचे. ज्याला शंका असेल त्याने आपल्या गल्लीतल्या पाच मुलांची अशी चाचणी घेऊन पाहावी.

मोजमाप बाहेरून आले तेव्हा आपण काय केले, हेही आठवावे. ‘पिसा’ या आंतरराष्ट्रीय चाचणीच्या २००९च्या फेरीत हिमाचल प्रदेश आणि तामिळनाडू ही शिक्षणात पुढे मानली जाणारी दोन राज्ये उतरली. सुमारे चौऱ्याहत्तर सहभागींत ती तळाशी राहिली. त्यांच्या खाली फक्त किर्गिझस्तान होता. प्रश्न आपल्या मुलांच्या परिसराला धरून नव्हते, असे कारण पुढे आले आणि आपण त्या चाचणीतून बाहेर पडलो. पुन्हा सहभागी होण्याचे पुढे ठरले, तरी २०२२च्या फेरीतही भारत नव्हता. प्रश्नांविषयीचा आक्षेप काही अंशी खरा धरू. पण ‘असर’मधला दुसरीचा उतारा परका नाही, तो मुलाच्या भाषेतच आहे. निकाल पसंत नाही म्हणून परीक्षाच नाकारण्याची मुभा आपण दहावीच्या मुलाला देतो का?

या अपयशाचे मूळ जुने आहे. १८८२ मध्ये हंटर शिक्षण आयोगापुढे दिलेल्या निवेदनात जोतीराव फुले यांनी बारा वर्षांपर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचे करण्याची मागणी केली. महसूल रयतेच्या श्रमातून येतो आणि खर्च वरच्या वर्गांच्या उच्च शिक्षणावर होतो, हे त्यांनी सरकारला सुनावले. वरच्यांना शिकवले की ज्ञान आपोआप खाली झिरपेल, हा त्या काळचा सिद्धान्त त्यांना मान्य नव्हता. आज तो सिद्धान्त कोणी उघडपणे मांडत नाही, पण वर्ग त्याच तत्त्वावर चालतो. ‘पोर्शन’ पूर्ण करायचा, समजलेल्यांना घेऊन पुढे जायचे, उरलेल्यांना वरच्या वर्गात ढकलायचे. शाळा ही चाळणी झाली आहे. तिसरीत वाचता न आलेले मूल चौथीत इतिहासाच्या आणि पाचवीत विज्ञानाच्या पुस्तकापुढे बसते आणि रोज हजर राहूनही शिक्षणाबाहेर राहते.

यावर सर्वांत सोयीस्कर उत्तर म्हणजे, ‘त्यांच्या घरात वातावरणच नाही.’ हुशारी रक्तात असते, या अंधश्रद्धेचे हे सभ्य रूप आहे. ज्याच्या घरी पुस्तक नाही त्याच्यासाठीच तर सार्वजनिक शाळा असते. दसऱ्याला पाटीवर एकच्या आकड्यांची सरस्वती काढून तिची पूजा करणारे आपण, त्याच पाटीवर मुलाला वजाबाकी मांडता येते का हे पाहत नाही. विद्येची पूजा करणे आणि विद्या देणे, यांत आपण पहिले स्वस्त काम निवडले आहे.

दुसरे उत्तर नापास करण्याचे. २०१९च्या कायदादुरुस्तीने पाचवी आणि आठवीत मुलाला मागे ठेवण्याची वाट मोकळी झाली. पण वाचन पहिली-दुसरीत राहून गेले असेल, तर पाचवीत शिक्षा कोणाला आणि कोणाच्या चुकीची? न शिकवता वर ढकलणे आणि न शिकवता मागे ठेवणे, दोन्हींत शिकवणे वगळलेलेच आहे.

तिसरे उत्तर खाजगी शाळेचे. ग्रामीण खाजगी शाळांतही पाचवीतल्या ५९.३ टक्के मुलांनाच तो दुसरीचा उतारा वाचता येतो. फी भरूनही दहांतली चार मुले मागेच आहेत. टाय आणि इंग्रजी नाव म्हणजे शिक्षण नव्हे.

मग हे बदलता येत नाही का? येते. तिसरीपर्यंत प्रत्येक मुलाला वाचन आणि अंकज्ञान यावे, हे ध्येय ‘निपुण भारत’ अभियानाने २०२१ मध्ये ठरवले. ‘असर’नुसार ग्रामीण सरकारी शाळांतील तिसरीच्या मुलांत दुसरीचा मजकूर वाचणारी २०२२ मध्ये १६.३ टक्के होती, २०२४ मध्ये ती २३.४ टक्के झाली. करोनात झालेले नुकसान भरून निघण्याचा यात वाटा आहेच. आकडा अजूनही लाजिरवाणा आहे, पण मूलभूत गोष्टींकडे नेमके लक्ष दिले की सुधारणा होते, हे त्यातून दिसते. मुलांचे गट इयत्तेऐवजी त्यांना काय येते यावरून करून शिकवण्याची पद्धतही अनेक ठिकाणी उपयोगी ठरली आहे.

शिक्षकांना सर्वेक्षणे आणि ऑनलाइन माहिती भरण्याच्या कामांतून मोकळे करणे, हे सरकारचे कर्तव्य आहे. राष्ट्रीय उत्पन्नाच्या सहा टक्के खर्च शिक्षणावर व्हावा, हे कोठारी शिक्षण आयोगाने १९६६ मध्ये सांगितले आणि २०२०च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणाने पुन्हा लिहिले. ते अजून झालेले नाही. पण सरकारकडे बोट दाखवून नागरिकाची सुटका होत नाही. शिक्षण हक्क कायद्याने सरकारी आणि अनुदानित शाळांच्या व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश जागा पालकांना दिल्या आहेत. त्या जागा सह्यांपुरत्या राहिल्या, हा आपला दोष आहे. पुढच्या बैठकीत शंभर टक्के निकालाचा ठराव बाजूला ठेवा आणि एकच मागणी करा: तिसरीच्या वर्गातील प्रत्येक मुलाने आमच्यासमोर दुसरीचे पुस्तक वाचावे. ज्याला येणार नाही त्याला दोष देऊ नका. त्याला शिकवण्याची योजना आणि मुदत लेखी मागा. आणि ती मुदत संपेल त्या दिवशी पुन्हा शाळेत जा.